'द एक्सॉर्सिस्ट'मधल्या सैतानाला आवाज कुणी दिला? ऑस्कर जिंकलेल्या बाईंचं नावच पाटीवर नव्हतं

'द एक्सॉर्सिस्ट' पाहिलेल्यांना तो घोगरा, घरघरणारा आवाज विसरता येत नाही. पडद्यावर दिसते रीगन नावाची लहान मुलगी. ती भूमिका लिंडा ब्लेअरने केली. पण तिच्या तोंडून सैतान बोलू लागतो, तेव्हा आवाज असतो पन्नाशी ओलांडलेल्या मर्सिडीज मॅकेम्ब्रिज यांचा. आणि डिसेंबर १९७३ मध्ये सिनेमा लागला, तेव्हा श्रेयनामावलीत हे नाव कुठेच नव्हतं.

बाई काही नवख्या नव्हत्या. १९३०च्या दशकात, कॉलेजात असतानाच त्या शिकागोत रेडिओ नाटकं करू लागल्या होत्या. रेडिओवर चेहरा नाही, कपडे नाहीत, सेट नाही. जे काही दाखवायचं ते गळ्यातून. ऑर्सन वेल्ससारखा माणूस त्यांना जगातली सर्वोत्तम रेडिओ अभिनेत्री म्हणायचा. पुढे 'ऑल द किंग्ज मेन' (१९४९) या पहिल्याच सिनेमासाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं, तर 'जायंट'साठी (१९५६) पुन्हा नामांकन. मग कामं कमी होत गेली. दारूचं व्यसनही होतं. त्यातून बाहेर पडून १९६९ मध्ये त्यांनी अमेरिकी सिनेटच्या उपसमितीसमोर त्याबद्दल उघडपणे साक्ष दिली. त्या काळात एका नटीने हे करणं सोपं नव्हतं.

सैतानाच्या आवाजासाठी त्यांनी कच्ची अंडी गिळली, सिगारेटी ओढल्या आणि सोडलेली दारू पुन्हा तोंडाला लावली. सैतान बांधलेला आहे हे आवाजात यावं म्हणून स्वतःला खुर्चीला बांधून घेतलं. ब्राँकायटिसमुळे छातीत होणारी घरघरही त्यांनी वापरून घेतली. म्हणजे आजारसुद्धा कामाला लावला!

नंतर वाद पेटला. श्रेय देण्याचा शब्द मिळाला होता, असं बाईंचं म्हणणं. सुरुवातीला त्यांनीच नाव नको म्हटलं होतं, असं दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिन यांचं म्हणणं. शेवटी कलाकारांची संघटना मध्ये पडली आणि नंतरच्या प्रिंट्सवर नाव आलं. दरम्यान लिंडाला ऑस्करचं नामांकन मिळालं होतं आणि अर्धा अभिनय दुसरीचा असेल तर हे नामांकन कुणाचं, यावर चर्चा रंगली. पुरस्कार गेला टेटम ओनीलकडे. लिंडाचं त्यात काय चुकलं होतं, हा प्रश्न मात्र फारसा कुणी विचारला नाही.

पन्नास वर्षांनंतर हा वाद जुना वाटायला हवा होता. पण आता आवाज द्यायला माणूसच लागत नाही. थोडं रेकॉर्डिंग मिळालं की एआय त्याची नक्कल करतं. जुलै २०२४ मध्ये अमेरिकेतले व्हिडिओ गेमचे कलाकार याच मुद्द्यावर संपावर गेले आणि हा संप जवळपास वर्षभर चालला. त्याच महिन्यात मुंबई उच्च न्यायालयाने अरिजित सिंग यांच्या आवाजाची एआय नक्कल करणाऱ्यांना चाप लावला. २०२५ मध्ये आशा भोसले यांनाही असाच दिलासा मिळाला.

पण ही झाली मोठी नावं. 'पुष्पा'च्या हिंदी आवृत्तीत अल्लू अर्जुनचा आवाज श्रेयस तळपदेचा आहे, हे सगळ्यांना माहीत आहे, कारण श्रेयसचा चेहराच ओळखीचा. कार्टून, जाहिराती आणि ओटीटीच्या डबिंगमध्ये रोज राबणाऱ्या आवाजांचं काय?

इथे कायद्यातली एक बारीक गोम आहे. २०१२ च्या दुरुस्तीनंतर आपला कॉपीराइट कायदा कलाकाराला स्वतःचं नाव लावून घेण्याचा हक्क देतो. पण त्याच कायद्यानुसार सिनेमातलं काम किरकोळ स्वरूपाचं असेल आणि अशा कामाचं श्रेय न देण्याची इंडस्ट्रीत पद्धतच असेल, तर तो माणूस बहुतेक बाबतींत 'कलाकार' धरलाच जात नाही. म्हणजे आधी नाव द्यायचं नाही आणि मग नाव नाही म्हणून हक्कही नाही. किरकोळ काम म्हणजे नेमकं कोणतं, हे कायदा आकड्यात सांगत नाही. त्यामुळे डबिंग करणाऱ्याच्या हातात उरतो तो फक्त करार. त्यात नाव लागणार का आणि आवाज एआयला शिकवायला वापरणार का, या दोन गोष्टी रेकॉर्डिंगच्या आधीच लिहून घ्याव्या लागतात. मॅकेम्ब्रिज यांच्या पाठीशी निदान ऑस्कर आणि संघटना होती.