गुळवेल आणि आपण

गुळवेलीच्या नावात गूळ आहे, चव मात्र कडू. संस्कृतात तिला अमृता म्हणतात, आणि छिन्नरुहा, म्हणजे तोडली तरी पुन्हा वाढणारी, असेही म्हणतात. हे दुसरे नाव ठेवणाऱ्याने वेल नीट पाहिली असली पाहिजे. बुंध्याशी छाटली तरी झाडावर लोंबकळणारी गुळवेल सुतासारखी मुळे जमिनीकडे सोडते व पुन्हा रुजते.

अंबरनाथ-बदलापूरच्या जुन्या घरांतून तापावर गुळवेलीचा काढा ठरलेला असे. खोड ठेचून पाण्यात भिजवायचे, कोळून गाळायचे आणि तळाशी बसलेला पांढरा साका वाळवायचा. हे झाले गुळवेलसत्त्व. कडुलिंबावर चढलेली वेल अधिक गुणकारी मानतात.

२०२० साली करोना आला आणि उल्हासनगरच्या चाळीपासून बदलापूरच्या सोसायटीपर्यंत जो तो गुळवेल पिऊ लागला. मात्रा किती, किती दिवस, हे कोणी विचारले नाही. २०२१ मध्ये मुंबईच्या डॉक्टरांनी गुळवेल घेणाऱ्या काही रुग्णांच्या यकृताला इजा झाल्याचे प्रसिद्ध केले. आयुष मंत्रालयाने ते अमान्य केले. पुढे २०२२ मध्ये, तिच्यासारखीच दिसणारी, खोडावर गाठी असलेली दुसरी वेल गुळवेल समजून घेऊ नका, असेही बजावले. वाद तज्ज्ञांनी मिटवावा. पण दोन वेलींतला फरक आपल्यापैकी किती जणांना सांगता येईल?

तो सांगू शकतात आपल्याच जिल्ह्यातले कातकरी. शहापूर तालुक्यातील कातकरी तरुणांच्या संस्थेला २०२१ साली औषध कंपन्यांकडून ३५० टन गुळवेलीची, सुमारे १ कोटी ५७ लाख रुपयांची मागणी आली होती. म्हणजे कंपन्यांना या जाणकारीची किंमत कळते. आपण मात्र पावसाळ्यात रानभाज्या घेऊन बसलेल्या आदिवासी बाईशी दोन रुपयांसाठी घासाघीस करतो आणि तिला काही न विचारता निघून येतो.

‘हे शास्त्रवाल्यांचे काम, कलाशाखेला काय त्याचे?’ असे कोणी म्हणेल. मला ते पटत नाही. वनस्पतीचे गुण प्रयोगशाळेत तपासता येतील. पण तिची बोलीतली नावे, ती कधी तोडावी, कोणाला देऊ नये, हे सारे भाषेत आणि माणसांच्या आठवणीत आहे. मराठी व समाजशास्त्र विभागांनी मिळून जवळच्या कातकरीवाड्यांवर जावे, ऐकावे, सांगणाऱ्याच्या नावासह व संमतीने लिहून ठेवावे. वेल तोडली तरी पुन्हा फुटते. जाणते माणूस गेले की त्याच्याबरोबर गेलेले ज्ञान पुन्हा फुटत नाही.