गुप्त वाटा आणि हिशेबाची वही

१/
बालाघाटाच्या डोंगररांगांत वसलेले धारूर सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होते. त्या अखेरच्या वर्षी हैदराबाद संस्थानात शस्त्रे आणि पैसा चोरवाटांनी येत होता, आणि तो दोन्ही बाजूंना येत होता. मुक्तिसंग्रामाचे हे पान उघडले की एक सोयीचा युक्तिवाद हमखास पुढे येतो: लढा म्हटला की तस्करी आलीच, निकाराग्वाच्या बंडखोरांनी कोकेन वाहिले, मराठवाड्यातल्यांनी बँक लुटली, फरक तो काय? फरक आहे. मात्र तो हेतूच्या पावित्र्यात शोधू नये. पवित्र हेतू सर्वांकडेच असतो.

२/
आधी निकाराग्वा. १९७९ मध्ये सँडिनिस्टा क्रांतिकारकांनी सोमोझा घराण्याची हुकूमशाही उलथवली. थोड्याच काळात अमेरिकेच्या सीआयएने त्यांच्याविरुद्ध ‘कॉन्ट्रा’ बंडखोरांना बळ दिले. त्यांचे तळ शेजारच्या होंडुरास आणि कोस्टा रिकात होते. १९८४ मध्ये अमेरिकी संसदेने या लष्करी मदतीवर बंदी घातली. मदत थांबली नाही. तिने वाट तेवढी बदलली.

३/
त्या वाटेवर कोण होते? सिनेटर जॉन केरी यांच्या उपसमितीचा अहवाल १९८९ मध्ये प्रसिद्ध झाला. कॉन्ट्रांना ‘मानवतावादी’ साहित्य पोहोचवण्यासाठी अमेरिकी परराष्ट्र खात्याने ज्या कंपन्यांना पैसे दिले, त्यांपैकी चार कंपन्या अमली पदार्थांच्या व्यापाऱ्यांच्या होत्या. त्यांना मिळालेली रक्कम ८ लाख ६ हजार डॉलरांहून अधिक. त्यांतली ‘सेटको’ ही विमान कंपनी होंडुरासचा कुख्यात तस्कर हुआन मट्टा बायेस्तेरोस याची. म्हणजे एकाच सरकारचे एक खाते ज्यांच्या मागावर होते, त्यांनाच दुसरे खाते भाडे मोजत होते.

४/
या प्रकरणातला सर्वांत बोलका पुरावा विमानात सापडत नाही, कागदावर सापडतो. १९८२ मध्ये अमेरिकेचे महान्यायवादी विल्यम फ्रेंच स्मिथ आणि सीआयएचे संचालक विल्यम केसी यांच्यात एक समझोता झाला. सीआयएचे जे हस्तक तिचे पगारी नोकर नाहीत, त्यांचे अमली पदार्थांसंबंधीचे गुन्हे न्याय खात्याला कळवण्याचे बंधन त्याने उरले नाही. ही सूट १९९५ पर्यंत टिकली. कोणी कोणाला तस्करी करा म्हणून सांगितले नाही. फक्त नोंद करण्याची सक्ती काढून घेतली. वहीच मिटल्यावर चोरी लिहिणार कोण?

५/
ऑगस्ट १९९६ मध्ये ‘सॅन होजे मर्क्युरी न्यूज’मधील गॅरी वेब या पत्रकाराने लॉस एंजेलिसच्या गरीब वस्त्यांत पसरलेल्या क्रॅक कोकेनचा एक धागा कॉन्ट्रांच्या निधीशी जोडून दाखवला. मोठी वृत्तपत्रे त्याच्यावर तुटून पडली. त्याच्या मांडणीत अतिशयोक्ती होती, हे खरे. पण त्या वृत्तपत्रांनी जेवढी शाई वेबच्या चुका काढण्यात खर्च केली, तेवढी मूळ प्रश्नावर केली असती तर! पुढे त्याच्या स्वतःच्या पत्रानेही हात आखडता घेतला. २००४ मध्ये त्याचा मृत्यू झाला.

६/
१९९८ मध्ये सीआयएचेच महानिरीक्षक फ्रेडरिक हिट्झ यांचा अहवाल आला. संस्था म्हणून सीआयएने अमेरिकेत कोकेन आणण्याचा कट केल्याचा पुरावा मिळाला नाही. पण तस्करीचे आरोप असलेल्या लोकांशी तिने संबंध चालू ठेवल्याचे त्यात नोंदले गेले. म्हणून ‘सीआयएने कोकेन विकले’ हे विधान सिद्ध झालेले नाही, आणि ‘सीआयएचा काही संबंध नव्हता’ हे विधान तर तिच्याच दप्तराने खोडून काढले आहे. दोन्ही बाजूंच्या घोषणाबाजांना ही मधली जागा अडचणीची वाटते.

७/
आता हैदराबाद. १९४८ च्या उन्हाळ्यानंतर सिडनी कॉटन हा ऑस्ट्रेलियन वैमानिक कराचीहून लँकॅस्ट्रियन विमानांनी शस्त्रे उचलून रात्री बीदर, वरंगळ आणि हैदराबादेस उतरवत होता. हाच कॉटन १९३९ मध्ये विमानात छुपे कॅमेरे बसवून ब्रिटिश गुप्तचरांसाठी जर्मनीची छायाचित्रे टिपत होता. त्याला ब्रिटिश गुप्तचर खात्याने निजामाकडे धाडले, असे छातीठोकपणे लिहिणाऱ्यांकडे पुरावा नाही. ज्या राज्यात कासीम रझवीच्या रझाकारांनी खेडी धाकात ठेवली होती, त्या राज्याला शस्त्रे पुरवल्याबद्दल ब्रिटनमध्ये त्याला किती शिक्षा झाली? २०० पौंड दंड!

८/
दुसरी बाजू सरहद्दीवरच्या कॅम्पांची. निजामाच्या लेखी तेही परमुलखातून चाल करून येणारे बंडखोरच. ३० जानेवारी १९४८ रोजी स्वातंत्र्यसैनिकांनी नांदेड जिल्ह्यातील उमरीची बँक लुटली. लाखो रुपये हाती आले. अशा पैशाला पाय फुटायला वेळ लागत नाही. पण त्याचा पै-पैचा हिशेब लिहिला गेला आणि संग्राम संपल्यावर तो सादर झाला. फरक तो इथे. कॉन्ट्रांच्या पाठीराख्यांनी नोंद टाळण्याची तजवीज आधीच करून ठेवली होती. उमरीच्या लुटीची वही लुटणाऱ्यांनीच लिहिली.

९/
एवढ्यावर थांबणे मराठवाड्याला सुखाचे आहे, पण खरे नाही. १७ सप्टेंबरनंतर या भूमीत मुसलमान वस्त्यांवर जे अत्याचार झाले, त्यांची पाहणी करण्यासाठी पंडित नेहरूंनी पंडित सुंदरलाल यांची समिती पाठवली. मृतांचा तिचा सावध अंदाज २७ ते ४० हजारांचा होता. सर्वाधिक झळ बसलेले जिल्हे तिने सांगितले: उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर, नांदेड. त्याखालोखाल हानी झालेल्यांत बीडही होता. तो अहवाल सरकारी कपाटात कित्येक दशके पडून राहिला. कारण तेच दिले गेले, जे वॉशिंग्टनमध्ये दिले जात होते: देशहित.

१०/
उमरीच्या हिशेबाची गोष्ट दर सप्टेंबरात भाषणांतून अभिमानाने सांगितली जाते. त्याच मंचावरून सुंदरलाल समितीचे नाव क्वचितच ऐकू येते.