‘मुक्त’ नव्हे, ‘सुटे’ : गॉसिपॉल या शब्दाविषयी

गेल्या हंगामात इंद्रवेल्ली मंडलातील एका परिचित शेतकऱ्याच्या ओसरीवर आम्ही बसलो असता त्यांनी सरकीच्या ढेपेबरोबर आलेला एक कागद आमच्यापुढे ठेवला. कागद इंग्रजीत होता आणि खाली चार ओळी तेलुगूत होत्या. मराठीत काही नव्हते, याचे नवल ना त्यांना वाटले ना आम्हांला. त्यांच्या अकरावीतील नातवाने कागदाच्या पाठीवर सुवाच्य अक्षरात एक ओळ लिहिली होती : ‘ही ढेप गॉसिपॉलमुक्त आहे.’ मूळ इंग्रजी ओळीत ‘फ्री गॉसिपॉल’ असे दोन शब्द आणि त्यांच्यापुढे एक आकडा होता. आकड्याचा अर्थ लागेना, म्हणून मुलाने तो गाळला. उरलेल्या दोन शब्दांचे भाषांतर शब्दकोशात पाहून केले, तर ते बरोबरच भासेल. अर्थाने मात्र ते नेमके उलटे झाले होते.

आजोबांनी नातवाच्या विद्येवर विश्वास ठेवला आणि दोन महिन्यांच्या वासरालाही भिजवलेली ढेप सुरू केली. काही आठवड्यांनी वासरू धापा टाकू लागले, मग अंग टाकून बसले आणि गेले. ते गॉसिपॉलनेच गेले असे पशुवैद्यांनी म्हटले नाही. आम्हीही म्हणत नाही. पण कागदावरील ती ओळ बरोबर असती तर ढेप वासराच्या तोंडाशी गेली नसती, एवढे निश्चित. म्हणून या एका शब्दासाठी आजचा लेख.

हा पदार्थ कोणता, ते पाहण्यासाठी प्रयोगशाळेची गरज नाही. सरकीचा दाणा घ्यावा, वरचे कठीण टरफल काढावे आणि आतला गर आडवा चिरावा. फिकट गरात काळपट ठिपके विखुरलेले दिसतील. त्या सूक्ष्म ग्रंथी होत. गॉसिपॉल नावाचे पिवळे द्रव्य त्यांच्यात साठलेले असते. पऱ्हाटीच्या पानांवर, देठांवर आणि बोंडांवरही अशा ग्रंथी असतात, कारण किडीला हे द्रव्य मानवत नाही. झाडाने स्वतःच्या राखणीसाठी केलेली ती तजवीज आहे.

शब्दाची घडण अगदी साधी आहे. लाँगमोर याने 1886 मध्ये सरकीच्या तेलाच्या गाळातून हे द्रव्य प्रथम वेगळे केले. पुढे 1899 मध्ये मार्खलेव्स्की या पोलिश रसायनशास्त्रज्ञाने त्याचे स्फटिक मिळवले आणि नामकरण केले. कपाशीच्या प्रजातीचे लॅटिन नाव ‘गॉसिपिअम’. त्याचा पूर्वार्ध घेऊन त्याला ‘फिनॉल’ या रासायनिक वर्गाची शेवटची ‘ऑल’ ही खूण जोडली, की झाला गॉसिपॉल. म्हणजे शब्दाचा अर्थ ‘कपाशीतले फिनॉल’ एवढाच. विष, औषध, रंग यांपैकी कशाचीही सूचना त्यात नाही. (इंग्रजीतील कुचाळक्यांच्या ‘गॉसिप’शी त्याचा काही संबंध नाही. हे सांगण्याचे कारण असे, की एका सुशिक्षित गृहस्थांनी आम्हांला तो संबंध गंभीरपणे समजावून सांगितला होता.)

नाव निरुपद्रवी आहे. घोटाळा होतो तो त्याच्यामागे लागणाऱ्या विशेषणाने.

गिरणीत सरकी भरडली जाते तेव्हा या ग्रंथी फुटतात. उष्णता आणि ओलावा मिळाला की गॉसिपॉलचा काही भाग गरातील प्रथिनांना, विशेषतः त्यांतील लायसिन या घटकाला, घट्ट चिकटतो. असा चिकटलेला भाग जनावराच्या अंगात फारसा शोषला जात नाही. त्याला इंग्रजीत ‘बाउंड’ म्हणतात. जो भाग कशालाही चिकटलेला नसतो, पाणी मिसळलेल्या ॲसिटोनमध्ये सहज उतरतो आणि पोटात गेल्यावर रक्तात जाऊ शकतो, तो ‘फ्री’. धोका मुख्यतः या दुसऱ्या भागाचा आहे. कच्च्या सरकीत जवळजवळ सगळे गॉसिपॉल याच स्थितीत असते. गिरणीतून निघालेल्या ढेपेत ते किती उरले, हे तिला उष्णता कशी आणि किती मिळाली यावर ठरते. म्हणून कागदावर ‘फ्री गॉसिपॉल’ आणि पुढे आकडा छापतात. तो आकडा म्हणजे इशारा असतो. त्याला हमी समजणे म्हणजे धोक्याच्या पाटीला स्वागताची कमान समजण्यासारखे आहे.

मोठ्या गाईम्हशींचे सहसा बिघडत नाही. त्यांच्या रवंथाच्या पोटातच बरेचसे सुटलेले गॉसिपॉल प्रथिनांना चिकटून जाते. त्यांनाही मर्यादा आहेच, आणि वळूच्या प्रजननक्षमतेवर परिणाम होतो असे आढळले आहे. तरी ढेपेवर पोसलेल्या दुभत्या म्हशीकडे बोट दाखवून ‘आमच्या आज्यापणज्यापासून घालतो, काही होत नाही’ म्हणणारा शेतकरी खोटे बोलत नसतो. तो म्हशीविषयी बोलत असतो. वासराचे रवंथाचे पोट पहिले काही महिने पुरते तयार झालेले नसते; त्याचे पचन त्या काळात आपल्यासारखे एका पोटावर चालते. कोंबड्या आणि डुकरे यांना तर रवंथ नाहीच. कोंबडीच्या खाद्यात हे द्रव्य जास्त झाले तर साठवलेल्या अंड्यांचा बलक हिरवट-तपकिरी होतो, कारण गॉसिपॉल लोहाशी संयोग पावते. याच गुणाचा उपयोग करून कोंबडीखाद्यात हिराकस मिसळतात : लोह पुढे होते आणि सुटलेल्या गॉसिपॉलला धरून ठेवते. हिराकस हा आपला जुना, शाईच्या दौतीतला शब्द. इंग्रजीतील ‘फेरस सल्फेट’ ज्याला अडते त्याला तो अडत नाही.

माणसाच्या बाबतीतही हा पदार्थ चर्चेत येऊन गेला आहे. चीनमध्ये ज्या खेड्यांत अशुद्ध सरकीतेलात स्वयंपाक होई तेथील वंध्यत्वावरून संशोधकांचे लक्ष तिकडे गेले आणि 1970 च्या दशकात आठ हजारांहून अधिक पुरुषांवर गर्भनिरोधक म्हणून त्याच्या चाचण्या झाल्या. रक्तातील पोटॅशियम घटणे आणि काहींची प्रजननक्षमता परत न येणे, या दोन कारणांनी तो मार्ग सोडण्यात आला. आपल्या दुकानांतील शुद्ध केलेल्या तेलाने घाबरण्याचे कारण नाही. शुद्धीकरणातील क्षाराच्या धुणीत गॉसिपॉल निघून जाते.

आता मूळ मुद्दा. इंग्रजीत ‘फ्री गॉसिपॉल’ आणि ‘गॉसिपॉल-फ्री’ यांत शब्द तेच आहेत. फक्त क्रम बदलला की विष आणि निर्विष यांची अदलाबदल होते. इंग्रजी वाचकही येथे अडखळतो. आपण ‘फ्री’साठी डोळे मिटून ‘मुक्त’ लिहिले की ‘मुक्त गॉसिपॉल’ आणि ‘गॉसिपॉलमुक्त’ ही तीच जोडी मराठीत येते, आणि मराठीत तिचा धोका अधिकच वाढतो. कारण मराठी कानाला ‘मुक्त’ हा शब्द शुभच ऐकू येतो. रोगमुक्त, ऋणमुक्त, व्यसनमुक्त, तंटामुक्त गाव, हागणदारीमुक्त गाव : ज्याच्या शेवटी ‘मुक्त’ त्याची पीडा टळली, हे सरकारी भिंतींनीही आपल्याला शिकवले आहे. शब्दाच्या आधी आला तरी तो मुक्तछंदासारखा, मुक्त विद्यापीठासारखा मोकळ्या हवेचा आणि उघड्या दाराचा असतो. ‘मुक्त गॉसिपॉल’ वाचून सावध व्हावे, असे त्या शब्दात काहीच नाही. अकरावीतल्या मुलाने क्रम उलटवला ही त्याची चूक खरी. पण त्याला तो उलटवावासा वाटला, कारण मराठीत तसाच उलटवला की ओळ अर्थपूर्ण होते. ज्यांनी परिभाषा घडवायची त्यांनी आधी हे पाहायला हवे होते.

आमचे म्हणणे असे, की येथे ‘सुटे’ हा शब्द वापरावा. सुटे पैसे, सुटी विडी, सुटे दूध : जे गाठोड्यात, गठ्ठ्यात, पुड्यात नाही ते सुटे. आणि दावे तोडून सुटलेला बैल प्रत्येकाने पाहिलेला आहे. रसायनशास्त्राला ‘फ्री’ने जे सांगायचे आहे ते अक्षरशः हेच : कशालाही न बांधलेले. त्याच्या जोडीला ‘बद्ध’ असे न म्हणता ‘बांधलेले’ म्हणावे. सुटे गॉसिपॉल आणि बांधलेले गॉसिपॉल. गोठ्यात उभ्या असलेल्या माणसाला यातले कोणते बाधेल, हे विचारावे लागणार नाही. ‘मोकळे’ हा शब्दही आम्ही मनात घोळवून पाहिला. पण मोकळे म्हणजे रिकामेही होते, म्हणून तो बाद. उरला ‘गॉसिपॉल-फ्री’. त्यासाठी ‘गॉसिपॉल नसलेली ढेप’ असे सरळ म्हणावे. दोन शब्द जास्त लागले तरी चालतील.

मग ‘गॉसिपॉल’ला तरी मराठी शब्द का नको, असे काही मित्र विचारतील. संस्कृत ‘कार्पास’ हाताशी आहे, तेव्हा ‘कार्पासफिनॉल’ सहज होईल. आम्ही त्याच्या विरुद्ध आहोत. आमच्या भागाने घडवलेल्या परिभाषेचा अनुभव घेतला आहे. निजामाच्या राज्यात 1918 मध्ये उस्मानिया विद्यापीठ उर्दू माध्यमात सुरू झाले आणि त्यासाठी शास्त्रांची संपूर्ण परिभाषा उर्दूत रचली गेली. काम मोठ्या विद्वत्तेचे होते. परंतु पऱ्हाटीत राबणाऱ्या मराठी वा गोंड माणसासाठी ते इंग्रजीइतकेच लांब राहिले. पदार्थाचे नाव जगभर एकच असावे, ते देवनागरीत जसेच्या तसे लिहावे आणि फिनॉलप्रमाणे नपुंसकलिंगी चालवावे. त्याच्याभोवतीची वाक्ये मात्र आपली असावीत. नाव परके असले तरी वाक्य कळते. विशेषण फसवे असेल तर नाव कितीही आपले असून उपयोग नाही.

आणि आपले शब्द म्हणजे कोणते? पश्चिम महाराष्ट्र ‘पेंड’ म्हणतो, विदर्भ ‘ढेप’ म्हणतो, इंद्रवेल्लीच्या बाजारात तेलुगू ‘चेक्का’ आणि दखनी ‘खली’ शेजारी शेजारी ऐकू येतात. 1956 मध्ये सीमा आखली गेली तेव्हा आदिलाबाद जिल्ह्यातून किनवट आणि राजुरा पलीकडे गेले, आम्ही अलीकडे राहिलो. जमीन आणि कापूस दोन्हींकडे एकच राहिला. नांदेडपासून आदिलाबादपर्यंतच्या देशी कापसाला बाजारात ‘गावरानी’ हे एकच नाव होते. इंद्रवेल्ली म्हटले की बाहेरच्या माणसाला 20 एप्रिल 1981 चा गोळीबार आणि त्याचा स्तूप आठवतो, फार तर केसलापूरची नागोबा जत्रा. येथे भाषा कशा एकमेकींत मिसळल्या आहेत ते क्वचितच कोणी पाहतो. गोंडांचे परंपरागत गायक असलेले परधान घरात मराठी बोलतात आणि कथा गोंडीत गातात. कित्येक गोंड शेतकऱ्यांना मराठी ही घराबाहेरची भाषा म्हणून येते. अशा माणसाला ‘मुक्त’ शब्दाच्या आधी की नंतर, हा समासाचा बारकावा कोण शिकवणार? ‘सुटे’ त्याला बाजारातच कळलेले असते.

हा प्रश्न पुढे वाढणारच आहे. ग्रंथी नसलेली कपाशी 1950 च्या दशकातच अमेरिकेत तयार झाली होती. तिच्यावर किडी तुटून पडल्या, कारण सरकीबरोबर पानांची राखणही गेली होती. अलीकडे टेक्सासमध्ये कीर्ती सिंह राठोड यांच्या गटाने पानांतील गॉसिपॉल राखून फक्त सरकीतले जवळजवळ नाहीसे केले. 2006 मध्ये त्यांचे संशोधन प्रसिद्ध झाले आणि 2018 व 2019 मध्ये तेथील शासनाच्या परवानग्याही मिळाल्या. असे वाण उद्या येथे आले, की एकाच दुकानात एका पोत्यावर ‘गॉसिपॉल-फ्री’ आणि दुसऱ्यावर ‘फ्री गॉसिपॉल’ असे छापलेले दिसेल. परभणी आणि अकोला येथील कृषी विद्यापीठांनी आपल्या पत्रकांत, आणि तेलंगणातील मराठी माध्यमाच्या शाळांसाठी पुस्तके सिद्ध करणाऱ्यांनी त्यांच्या पाठांत, त्याआधी ‘सुटे’ आणि ‘बांधलेले’ हे दोन शब्द घ्यावेत, अशी आमची विनंती आहे. पैनगंगेच्या दोन्ही तीरांवर एकच शब्द असला तर पलीकडच्या पाहुण्याने आणलेले पत्रकही येथे उपयोगी पडते.

त्या दिवशी आम्ही मुलाला जवळ बसवले आणि कागदावरची ओळ खोडून दुसरी लिहायला सांगितली : ‘या ढेपेत सुटे गॉसिपॉल आहे. वासरांना आणि कोंबड्यांना घालू नये.’ गाळलेला आकडा कसा वाचायचा, तेही दाखवले : शेकडा 0.05 म्हणजे किलोमागे अर्धा ग्रॅम. त्याने आपल्या कागदावरचा आकडा स्वतः मांडून पाहिला. आजोबांनी कागद हातात घेऊन दोनदा वाचला, ‘सुटे’ या शब्दावर बोट ठेवले आणि म्हणाले, “हे आधी लिवलं असतं तर.” नातू काही बोलला नाही. कागद आता गोठ्याच्या दाराला आतून चिकटवलेला आहे.