आदिबंधांचा सुकाळ

आमच्या कोल्हापुरात गुळाचा सुकाळ असतो, पैलवानांचा असतो, आणि अलीकडे आदिबंधांचाही झाला आहे. गेल्या दोन वर्षांत मी तीन व्याख्याने ऐकली, दोन परिसंवादांना हजेरी लावली आणि एका स्नेह्यांच्या मुलीचा पीएच.डी.चा प्रबंध तिच्या आग्रहाखातर पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचला. सगळीकडे कार्ल गुस्ताव युंग नावाचा तोच स्विस डॉक्टर आणि तेच चार शब्द : आदिबंध, छाया, मुखवटा, सामूहिक नेणीव. अंबाबाई म्हणजे आदिमातेचा आदिबंध. कोल्हासुर म्हणजे छाया. पंचगंगा म्हणजे नेणीव. रंकाळा? तोही नेणीवच. पाणी दिसले की नेणीव! खांडेकरांची ‘ययाति’ 1959 साली निघाली तेव्हापासून बिचारा ययाती जो या ना त्या चौकटीत बसविला जातो आहे, त्याला आता ही नवी चौकट मिळाली आहे. तांबडा रस्सा आणि पांढरा रस्सा ही पुरुषतत्त्व आणि स्त्रीतत्त्व यांची प्रतीके होत, असे मात्र अजून कोणी म्हटलेले नाही. पुढच्या व्याख्यानमालेपर्यंत तेही होईल.

वाचकांनी गैरसमज करून घेऊ नये. मी तीस वर्षे बी.एड.च्या विद्यार्थ्यांना मानसशास्त्र शिकविले आहे आणि युंगविषयी माझ्या मनात आदर आहे. माझे भांडण त्याच्याशी नाही. त्याचे शब्द उचलून त्याचे काम तिथेच टाकून आलेल्या मंडळींशी आहे.

हे काम म्हणजे काय, ते सांगतो. आपल्या घरी रोज कोणीतरी म्हणते, “त्याला कॉम्प्लेक्स आहे हो!” हा शब्द मनाच्या संदर्भात रूढ केला तो युंगने. (‘इन्फिरिऑरिटी’ हे बिरूद त्याच्यामागे जोडले ॲडलरने, आणि आपण तेवढेच लक्षात ठेवले.) स्थळ पाहताना “मुलगी जरा इंट्रोव्हर्ट आहे” असे वधूपिता हल्ली सांगतो, तेही युंगच्या 1921 सालच्या ग्रंथाने जगभर पसरवलेले बोलणे. पण कॉम्प्लेक्स त्याला सापडला कसा? झुरिकच्या बुर्गहोल्झली मनोरुग्णालयात तो 1900 साली रुजू झाला. तिथे तो रुग्णाला समोर बसवून एकेक करून शंभर शब्द ऐकवी. डोके, हिरवा, पाणी, असे साधे शब्द. प्रत्येक शब्दाला मनात पहिल्यांदा येईल तो शब्द रुग्णाने सांगायचा आणि डॉक्टरने हातातल्या घड्याळावर सेकंदाच्या पाचव्या हिश्शापर्यंत वेळ मोजायचा. कुठे माणूस अडखळला, कुठे हसला, कुठे ऐकलेला शब्दच उलट म्हणाला, ते सगळे टिपायचे. जिथे वेळ लागला तिथे काहीतरी दुखते आहे असे समजायचे आणि मग हळूच विचारायचे. कारकुनी वाटावी इतके किचकट काम! त्यात आदिमाता कुठेही नव्हती. एक माणूस होता आणि दुसरा त्याच्यासमोर बसलेला होता.

त्याच रुग्णालयातली एक हकीकत युंगने आपल्या आठवणींत सांगितली आहे. चाळीस वर्षे अंथरुणाला खिळलेली एक म्हातारी तिथे होती. ती बोलत नसे. हातांची मात्र एक विचित्र लयबद्ध हालचाल सारखी चालू असे. डॉक्टर येत, पाहत, नोंद करीत, जात. एका जुन्या परिचारिकेकडून युंगला कळले की ही बाई पूर्वी जोडे शिवत असे, अशी समजूत आहे. जुन्या कागदांतही तशी नोंद निघाली. आमच्या सुभाषनगरात किंवा जवाहरनगरात चपला शिवणाऱ्याचे हात ज्याने पाहिले आहेत त्याला ती हालचाल सांगावी लागणार नाही. दोरा ओढताना दोन्ही हात बाजूला जातात, पुन्हा जवळ येतात. पुढे म्हातारी वारली. अंत्यविधीला तिचा थोरला भाऊ आला. युंगने त्याला विचारले, “तुमची बहीण आजारी का पडली?” भाऊ म्हणाला, तिचे एका चांभारावर मन बसले होते, त्याने नाकारले, तेव्हापासून ती अशी. चाळीस वर्षे ती त्याचेच हात चालवीत होती! आणि एवढ्या वर्षांत तिच्या घरच्यांना तो एक प्रश्न कोणी विचारला नव्हता.

मला युंग कळतो तो इथे. आमच्या वक्त्यांनी म्हातारीच्या हातांत कोणता आदिबंध पाहिला असता याची मला कल्पना करवत नाही, पण तिच्या भावाला त्यांनी खास काही विचारले नसते.

आता स्वप्नांचे घ्या. आमच्या लहानपणी घरात स्वप्नफलाची एक चोपडी असे. स्वप्नात साप दिसला तर धनलाभ, दात पडला तर घरात वाईट बातमी. ती चोपडी गेली आणि हिची जागा युंगच्या नावाच्या चोपडीने घेतली : साप म्हणजे अमुक, घर म्हणजे तमुक, जिना म्हणजे आणखी काही. फरक एवढाच की पहिली चोपडी स्वस्त होती. वास्तविक युंगचे सांगणे याच्या नेमके उलट. प्रतीकांचा अभ्यास हवा तेवढा करावा, पण स्वप्न समोर आले की तो बाजूला ठेवून स्वप्न पाहणाऱ्यालाच विचारावे, यावर त्याचा कटाक्ष होता. जोतिबाच्या डोंगराखाली शेती करणाऱ्याच्या स्वप्नातला साप आणि ताराबाई पार्कातल्या फ्लॅटमध्ये झोपलेल्या बँक अधिकाऱ्याच्या स्वप्नातला साप एक कसा असेल? पहिल्याच्या बांधावर तो खरोखरीच असतो.

आदिबंधवाद्यांना मी एकदा आमच्या टाऊन हॉलच्या वस्तुसंग्रहालयात घेऊन जाणार आहे. पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरीच्या टेकाडात 1944 साली काही कांस्यवस्तू सापडल्या. पुढे 1945-46 मध्ये डेक्कन कॉलेजच्या सांकलिया आणि दीक्षित यांनी तिथे रीतसर उत्खनन केले. त्या वस्तूंत एक छोटी मूर्ती निघाली, वीतभरही उंची नाही. तो पोसायडन, ग्रीकांचा समुद्रदेव! समुद्र इथून शंभरावर किलोमीटर, मध्ये सह्याद्री उभा, आणि कोल्हापूरच्या मातीत समुद्रदेव. आदिबंधवाद्याला याहून सुंदर मेजवानी कोणती? तो म्हणेल, पाहा, मानवजातीच्या सामूहिक नेणिवेतून सागराचा देव करवीरातही वर आला! पण तो वर आला नाही, खाली उतरला. आधी बोटीतून कोकणच्या बंदरात आणि मग बैलाच्या पाठीवरून घाट चढून बाजारात. सातवाहनांच्या काळी रोमशी चाललेल्या व्यापाराचा तो माल. कोणीतरी तो विकत घेतला, कोणीतरी जपला. दोन दूरच्या गावांत एकच देव दिसला तर आधी मधला रस्ता शोधावा. दामोदर धर्मानंद कोसंबींनी 1962 च्या ‘मिथ अँड रिॲलिटी’ मध्ये हेच केले. ते पायी हिंडले, तिठ्यावरच्या देवी कोणत्या जुन्या वाटांवर बसल्या आहेत ते त्यांनी पाहिले. रा. चिं. ढेऱ्यांनी ‘लज्जागौरी’साठी मूर्ती, शिलालेख, लोककथा, ओव्या असे खंडीभर पुरावे गोळा केले. त्यांच्याशी मतभेद असू शकतात. पण त्यांनी पायपीट तरी केली. घरबसल्या ‘सामूहिक नेणीव’ म्हटले की पायपीट वाचते, हेच तिचे खरे आकर्षण असावे अशी मला शंका आहे.

दुसरे आकर्षण अभिमानाचे. “हे सगळे आपल्या ऋषींना ठाऊकच होते, युंगने ते मान्य केले!” हे वाक्य टाळ्या घेते. युंगने 1932 मध्ये कुंडलिनीवर व्याख्याने दिली, हे खरे. 1937 च्या डिसेंबरात तो भारतात आला, कलकत्त्याच्या सायन्स काँग्रेसच्या रौप्यमहोत्सवाला हजर राहिला, हेही खरे. पण इथल्या साधुपुरुषांना त्याने मुद्दाम टाळले आणि ते स्वतःच लिहून ठेवले. आपले सत्य आपणच शोधले पाहिजे, उसने घेता येत नाही, असे त्याचे म्हणणे. परतताना बोट मुंबईला लागली तेव्हा शहर पाहायला तो उतरलासुद्धा नाही, किमयागारांचे लॅटिन ग्रंथ वाचीत बसला. युरोपीय माणसाने योगाच्या नादी लागू नये, असाही इशारा त्याने देऊन ठेवला आहे. अशा माणसाच्या प्रशस्तिपत्रावर आपण आपले ऋषी कशाला जोखायचे?

दिवाळी अंक आहे, तेव्हा वार्षिक भविष्य याच अंकात कुठेतरी असेल. ज्योतिषीबुवाही हल्ली युंगचे नाव घेतात. त्याने विवाहित जोडप्यांच्या पत्रिका तपासल्या, हे ते सांगतात. पुढचे सांगत नाहीत. पहिल्या 180 जोडप्यांत त्याला काहीतरी जुळल्यासारखे वाटले. मग आणखी घेतली, एकूण 483 झाली, आणि जुळणी विरत विरत योगायोगाच्या पातळीवर आली. 1952 मध्ये त्याने हे आकडे स्वतः छापले. आकडे छापण्याची हिंमत आपल्या किती भविष्यवेत्त्यांत आहे?

तिसरी गोष्ट सणाच्या दिवशी सांगू नये अशी आहे, पण सांगतो. ‘सामूहिक’ म्हणता म्हणता तो समूह कोणाचा, हा प्रश्न येतोच. युंगच्या बाबतीत तो 1934 साली आला. जर्मनीत हिटलर सत्तेवर असताना, आर्यांची नेणीव वेगळी आणि ज्यूंची वेगळी, आणि आर्यांची अधिक समर्थ, अशा अर्थाचे त्याने लिहिले. पुढे त्याच्या अनुयायांनी पुष्कळ सारवासारव केली. आपल्याकडे हाच धागा ओढला तर तो थेट जातीपर्यंत जातो : अमक्यांच्या रक्तातच विद्या, तमक्यांच्या नेणिवेतच तलवार. ज्या गावात शाहू महाराजांनी 1902 साली नोकऱ्यांतल्या पन्नास टक्के जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखल्या आणि जातीजातींच्या मुलांसाठी वसतिगृहे उभारली, त्या गावात असली भाषा ऐकून घेताना मला तरी संकोच वाटतो.

आणि आता मूळ दुखण्याकडे येतो. आमच्या गल्लीत एक मावशी आहेत. अमावास्येला त्यांच्या अंगात येते. केस सुटतात, आवाज घोगरा होतो, घरातले मोठेसुद्धा पाया पडतात. सून ओटी भरते, मुलगा हात जोडून विचारतो, “आई, काय चुकलं?” दुसऱ्या दिवशी त्याच मावशी खाली मान घालून भांडी घाशीत असतात आणि त्यांना कोणी काही विचारीत नाही. विवेकवादी कार्यकर्ता म्हणतो, हे ढोंग. त्याच्याविषयी मी हलके बोलणार नाही. दाभोलकरांना 2013 मध्ये आणि आमच्या पानसऱ्यांना 2015 मध्ये गोळ्या घातल्या गेल्या. त्यांच्या कामाची किंमत रक्ताने चुकती झाली आहे. बुवाबाजीविरुद्धचा कायदा त्यातूनच आला. दाभोलकर स्वतः डॉक्टर होते, दुखणे आणि लबाडी यांतला फरक ते जाणत. पण त्यांच्या नावाने बोलणाऱ्या सगळ्यांना तो कळतोच असे नाही. आदिबंधवादी म्हणतो, ही आदिमाता जागृत झाली. एकाने मावशींना खोटे ठरविले, दुसऱ्याने देवी. मावशी राहिल्या बाजूला.

युंगचा 1902 सालचा पहिला प्रबंध नेमका याच विषयावर आहे, हे आमच्या वक्त्यांच्या बोलण्यात कधी आलेले मी ऐकले नाही. त्याची एक पोरसवदा मामेबहीण होती, तिच्या अंगात मृत आजोबा येत आणि ती वेगळ्याच आवाजात, वेगळ्याच रुबाबात बोले. युंग त्या बैठकांना बसे, सगळे टिपून घेई. त्याला दिसले असे की त्या अवस्थेत बोलणारी व्यक्ती ही त्या मुलीचीच अजून न घडलेली, पुढची, मोठी झालेली मूर्ती आहे. रोजच्या जिण्यात जिला जागा नाही ती मध्यरात्री दुसऱ्याच्या आवाजात येते. मावशींच्या घरी हा विचार कोणी केला आहे?

कोल्हापूरच्या नवरात्रात याचे औषध दरवर्षी पालखीतून मिरवले जाते. कोल्हासुराच्या युद्धात त्र्यंबोलीने पराक्रम केला, पण विजयाच्या सोहळ्याला तिलाच बोलवायचे राहिले. ती रुसली, शहराकडे पाठ करून टेकडीवर जाऊन बसली. आणि ललितापंचमीला स्वतः अंबाबाई पालखीत बसून तिला भेटायला टेंबलाईच्या टेकडीवर जाते. कोहळा फुटतो, गर्दी होते, त्याचे तुकडे मिळवायला झुंबड उडते. या कथेला आदिबंध म्हणा की आणखी काही, मला वाद घालायचा नाही. पण तिच्यात कोण कोणाकडे जाते ते पाहा. मोठी धाकटीकडे जाते. महालातली टेकडीवरच्या रुसलेलीकडे जाते. दूर बसून ‘छाया, छाया’ म्हणत नाही.

परवा मावशींच्या धाकट्या मुलीशी बोललो. बारावी झालेली पोरगी. तिला म्हटले, अमावास्येची वाट पाहू नकोस, साध्या मंगळवारी, आई भांडी घाशीत असताना शेजारी बस, दोन भांडी विसळ आणि विचार, “आई, लग्नाआधी तू काय करायचीस गं?” उत्तराला वेळ लागला तर घाई करू नकोस. गरज वाटली तर मनाच्या डॉक्टरांकडे मी बरोबर येईन, हेही सांगितले. तिने विचारले. चार मंगळवार झाले आहेत. काय कळले ते त्या घरातले आहे, ते मी इथे छापणार नाही. एवढेच सांगतो की त्यात शिवणयंत्र आहे, गडहिंग्लजचे माहेर आहे, आणि मोडलेली एक नोकरी आहे.

व्याख्यानमालेच्या चालकांना माझी विनंती आहे. यंदाच्या पाहुण्यांना मंडलाकृतींची चित्रे पडद्यावर दाखवू द्या, हरकत नाही. पण शेवटचा अर्धा तास त्यांनी एका माणसासमोर आपण किती दिवस बसलो आणि काय विचारले, ते नाव न घेता सांगावे. सांगण्यासारखे काही असेल तर मी पहिल्या रांगेत येऊन बसेन. चकलीचा डबा माझ्याकडून.