आमची हरणे

गेल्या उन्हाळ्यात आम्ही सहकुटुंब ताडोबा पाहून आलो. १९५५ साली स्थापन झालेले हे महाराष्ट्रातले पहिले राष्ट्रीय उद्यान. वाघोबांनी दर्शन दिले नाही. पण गवे दिसले, सांबर दिसले, वारूळ उकरीत बसलेले एक अस्वलही दिसले. पाणवठ्यावर चितळांचा कळप मान वर करून उभा राहिला, तेव्हा आमच्या सौभाग्यवती हळहळल्या, "किती गरीब जनावर हो!" मीही मान डोलावली. परभणीला परतल्यावर हा वृत्तांत शेजाऱ्यापाजाऱ्यांना आठवडाभर पुरला.

जुलैत कॉलेज सुरू झाले. पहिल्या बाकावरचा एक विद्यार्थी चार दिवस गैरहजर. पाचव्या दिवशी आला, तो माझ्या तासाला चक्क डुलक्या घेऊ लागला. मी जरा टोचूनच विचारले, "काय रे, रात्री फार अभ्यास होतो वाटतं?"

तो उभा राहिला. "नाही सर, जागलीला होतो. सोयाबीन नुकतंच उगवलंय. हरणं कोवळे शेंडे खुडून खातेत. वडील एका धुऱ्याला, मी दुसऱ्या."

वर्ग हसला. मला मात्र हसू येईना.

ही हरणे म्हणजे काळवीट. चितळ झाडीतले, काळवीट उघड्या माळावरचे. त्याला गवत हवे, नजर पोचेल तिथवर मोकळे रान हवे. पण माळ नांगराखाली गेले. त्याच्यामागे धावणारा चित्ता भारतातून नाहीसा झाल्याचे १९५२ सालीच जाहीर झाले. २०२२ मध्ये आफ्रिकेतून आणलेले चित्ते मध्य प्रदेशात, कुनोला. ताडोबाचे राष्ट्रीय उद्यान ११६.५५ चौरस किलोमीटरचे. काळविटांसाठी १९८० साली राखलेले अहिल्यानगर जिल्ह्यातले रेहेकुरी अभयारण्य अवघे २.१७ चौरस किलोमीटरचे! आमच्या जिल्ह्यात तर राष्ट्रीय उद्यान नाहीच. मग काळविटाने शेतात न यावे तर जावे कुठे?

१९७२ च्या वन्यजीव कायद्याने त्याला वाघाच्याच पंक्तीला बसवले आहे. मारायचे नाही, हे योग्यच. पिकाच्या भरपाईचीही तरतूद आहे. पण पंचनामा दिवसा होतो आणि जागल रात्री करावी लागते. ताडोबाच्या फाटकावर मी एकदाच तिकीट काढले आणि जंगलाचा कैवारी म्हणून मिरवलो. या पोराचे घर दर पावसाळ्यात रोपांनी आणि झोपेने किंमत मोजते, तिची पावती कुणी देत नाही.

दसऱ्याला तो सोने द्यायला घरी आला. सौभाग्यवतींनी हौसेने चितळांचे फोटो दाखवले. त्याने ते मन लावून पाहिले आणि म्हणाला, "छान आहेत, काकू. आमची पण अशीच उभी राहतात."

'आमची' म्हणाला तो. रात्र रात्र ज्यांना हाकलतो, त्यांना!