उत्क्रांती, इर्तिका आणि कॅमेरा

विज्ञानाचे सर रजेवर होते, म्हणून मी दहावीच्या मुलांना बाजाऊ लोकांवरच्या माहितीपटाचा एक तुकडा दाखवला. इंडोनेशियातला एक माणूस लाकडी चष्मा लावून, एका दमात समुद्राच्या तळाशी जातो आणि मासा मारून वर येतो. मुलं थक्क झाली. मग एकाने विचारलं, “सर, हे लोक अजून मागेच राहिलेत ना?”

चूक त्या मुलाची नव्हती. आपली भाषाही तेच शिकवते. मराठीत उत्क्रांती, उर्दूत इर्तिका. दोन्ही शब्दांच्या मुळाशी वर चढणं आहे. त्यामुळे डोळ्यांसमोर शिडी येते: खालच्या पायरीवर कोळी, वरच्या पायरीवर कॅमेरावाला.

प्रत्यक्षात काय आहे? २०१८ मध्ये मेलिसा इलार्डो आणि सहकाऱ्यांचा अभ्यास ‘सेल’ या नियतकालिकात आला. बाजाऊंची प्लीहा शेजारच्या सालुआन लोकांपेक्षा सुमारे ५० टक्क्यांनी मोठी निघाली. बुडी मारताना प्लीहा आकसते आणि तांबड्या पेशींचा साठा रक्तात सोडते. त्यामुळे दम टिकतो. बुडी न मारणाऱ्या बाजाऊंचीही प्लीहा मोठीच होती, म्हणजे हा नुसता सराव नव्हे. एका जनुकाचा विशिष्ट प्रकार बुडीच्या जगण्यात उपयोगी पडला आणि पिढ्यांमधून वाढत गेला. आधी पेशा, मग शरीर. यात मागे राहणं कुठे आलं?

उलट, थायलंडजवळच्या मोकेन मुलांना पाण्याखाली स्पष्ट दिसतं. ॲना गिसलेन यांनी स्वीडनच्या मुलांना सराव दिला, तर त्यांनाही ते जमलं. इथे वारसा जनुकाचा नाही, शिकण्याचा आहे. चांगल्या माहितीपटाने हा फरक सांगायला हवा. पण ‘निसर्गपुत्र’ म्हटलं की निवेदकाचं काम भागतं.

कधी तर निसर्गही रचलेला असतो. बीबीसीच्या ‘ह्युमन प्लॅनेट’ मालिकेत पापुआतल्या कोरोवाई लोकांचं उंच झाडावरचं घर दाखवलं होतं. ते चित्रीकरणासाठी बांधून घेतलं होतं, हे बीबीसीने २०१८ मध्ये मान्य केलं.

बहुसंख्य बाजाऊ मुस्लीम आहेत, हे मी सांगितलं तेव्हा वर्ग चमकला. आम्ही पाहिलेल्या तुकड्यात मशीद नव्हती, नावेचं इंजिन नव्हतं, शाळेत जाणारं मूल नव्हतं. बदल दाखवला तर अजबपणा कमी होतो ना! ही कात्री आपल्या ओळखीची आहे. मराठी मुसलमानावर काही दाखवायचं म्हटलं की टोपी, बुरखा आणि अरुंद गल्ली येते. मराठीच्या पेपरात वर्गात पहिली आलेली मुलगी येत नाही.

दोष आपल्याकडेही आहे. उत्क्रांती म्हटलं की आपली चर्चा थेट आदम आणि माकडावर जाते, आणि आज डोळ्यांदेखत चाललेला बदल पाहायचा राहतो.

त्या मुलाला मी एवढंच विचारलं, “तुला त्या पाण्यात सोडलं तर मागे कोण राहील?” वर्ग हसला, तोही हसला. आता त्याला मोबाइलवर आपल्या मोहल्ल्याची पाच मिनिटांची फिल्म करायला सांगितलं आहे. अट एकच: काय बदललं ते दाखवायचं, आणि ज्याचं चित्रीकरण करशील त्याला ते आधी दाखवायचं.