फाईल मिळून येत नाही!

गेल्या शुक्रवारी सुट्टी टाकून गावी गेलो होतो. ट्रेकला नाही, नक्कल आणायला. तिसऱ्या खेपेला उत्तर मिळालं, तेही लेखी: "सदर प्रकरण अभिलेख कक्षात मिळून येत नाही." खाली सही, शिक्का. बाबांनी कागदाची घडी घालून खिशात ठेवली, जणू काही मिळालंच! माझं मात्र डोकं फिरलं.

प्रकरण असं. १ एप्रिल १९५७, कृषक दिन. कूळकायद्याने त्या दिवशी कसणारी कुळं जमिनीची मालक मानली गेली. मग शेतजमीन न्यायाधिकरणाने (म्हणजे मामलेदारानेच) कलम ३२-ग खाली किंमत ठरवायची आणि पैसे फिटले की ३२-म चं सर्टिफिकेट द्यायचं. खरेदीचा निर्णायक पुरावा तो. आजोबांनी सगळे हप्ते फेडले. फेरफारात हुकुमाचा नंबरही आहे. आमच्याकडचं सर्टिफिकेट वाळवीने खाल्लं. सरकारची प्रत कोणी खाल्ली, देव जाणे.

"जमीन तुमच्याच नावावर आहे ना, मग कशाला हवंय?" इति कारकून. हवंय, कारण सातबाऱ्यावर इतर हक्कात कलम ४३ चा शेरा बसलाय. २०१४ च्या दुरुस्तीनंतर, सर्टिफिकेटला दहा वर्षं झाली असतील तर आकारणीच्या चाळीस पट रक्कम भरून परवानगीशिवाय जमीन विकता येते. रक्कम किरकोळच. पण दहा वर्षं मोजायची कुठल्या तारखेपासून? तारीख त्या फायलीत. बाबांच्या बायपासचं कर्ज फेडायला एक एकर विकायचाय, तो अडकलाय.

वकील मित्र म्हणतो, रिट टाक, "अर्जावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या" असा आदेश मिळेल. अरे, पण निर्णय घेतलाच आहे की त्यांनी! आठ आठवड्यांनी तेच वाक्य पुन्हा टाईप करून देतील. अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात जायचंच तर नीट मागावं. कोणी, कुठे, कधी शोधलं याचं प्रतिज्ञापत्र. हरवल्याची चौकशी. आणि फेरफार, नोंदवह्या, चलनं यांवरून प्रकरण पुन्हा उभं करून त्याची प्रमाणित प्रत. हे काही जगावेगळं नाही. २०१३ साली दिल्ली हायकोर्टाने माहिती अधिकाराच्या एका प्रकरणात सांगितलंय की एकेकाळी दप्तरी असलेली माहिती नुसतं "सापडत नाही" म्हणून नाकारता येणार नाही. कसून शोधा, नाहीच सापडली तर जबाबदारी ठरवा. आपल्याकडे सार्वजनिक अभिलेखांचा २००५ चा कायदाही आहे. तो त्या कक्षात मिळून येतो का, कोण जाणे.

तुम्ही म्हणाल, इतके जुने कागद, पावसापाण्यात जायचेच. जातील ना. पण आपला सर्व्हर उडाल्यावर क्लायंटला "डेटा मिळून येत नाही" असा शिक्का मारून देऊन बघा एकदा! बॅकअप ठेवला नाही ही कोणाची चूक? इथे फाईल हरवणार सरकार, आणि ती होती हे सिद्ध करत फिरणार एकाहत्तर वर्षांचे बाबा.

असो. पुढच्या शनिवारी त्यांना घेऊन वकिलाकडे जातोय. तो घडी घातलेला कागद पहिला जोडायचा, निशाणी अ म्हणून.